मामा, ऑप्शन्स म्हणजे पैसेच ना? (१९९९ च्या डॉटकॉमवाल्यांनी इकडे यावं)

छप्पन_के

भाच्याला ऑफर आलीये. बंगळुरूची कंपनी, दहा मिनिटांत किराणा घरपोच. पगार आत्ताच्यापेक्षा कमीच, पण सोबत ऑप्शन्सचा (कंपनीचे शेअर पुढे कधीतरी आधीच ठरलेल्या भावाने घ्यायचा हक्क) असा आकडा की ताईने शून्यं दोनदा मोजली. परवा फोनवर विचारतो, "मामा, ऑप्शन्स म्हणजे पैसेच ना? फक्त उशिरा मिळणारे?" मी "उद्या सांगतो" म्हणून फोन ठेवला. त्या उद्याला आज पाच दिवस झाले.

चार ओळींत उत्तर जमेना, म्हणून इथे लिहितोय. जरा लांबण लागेल.

मी १९९८ च्या पावसाळ्यात पुण्याहून कॅलिफोर्नियातल्या फ्रिमाँटला गेलो. वायटूकेचे दिवस (२००० साल लागलं की जुने संगणक गोंधळतील ही भीती), कोबोल ही जुनी संगणकभाषा येणारा कुणीही चालायचा. वर्षभरात लक्षात आलं की आपण जुन्या कोडमध्ये सालाचे दोन आकडे बदलून चार करत बसलोय आणि समोरच्या इमारतीतली पोरं कागदावर लखपती होतायत. तेही डॉलरमध्ये. मग मीही उडी मारली. कंपनीचं नाव घेत नाही. आपण नक्की काय विकतो हे तिला शेवटपर्यंत ठरवता आलं नाही, एवढं सांगतो.

हवा कशी होती? ९ ऑगस्ट १९९५ ला इंटरनेटचा ब्राउझर बनवणारी नेटस्केप शेअरबाजारात आली. २८ डॉलरला दिलेला शेअर पहिल्याच दिवशी ७५ च्या आसपास जाऊन ५८ वर बंद झाला. नफ्याचा पत्ता नसलेल्या कंपनीचं हे कौतुक, त्यामुळे बाकीच्यांची भीड चेपली. नोव्हेंबर १९९८ मध्ये द ग्लोब डॉट कॉम ९ वरून ९७ ला शिवून आली आणि साडेत्रेसष्टला बंद झाली. डिसेंबर १९९९ मध्ये व्हीए लिनक्स ३० ची २३९ झाली. एका दिवसात. त्या दिवशी आमच्या ऑफिसात कुणी काम केलं नाही, सगळे कॅल्क्युलेटर घेऊन आपापल्या ऑप्शन्सचा गुणाकार करत होते.

भाच्याच्या धंद्याच्या जवळचं उदाहरण म्हणजे वेबव्हॅन, इंटरनेटवर ऑर्डर घेऊन किराणा घरपोच देणारी. लोक तिला हसतात, मला हसू येत नाही, कारण मी तिचा गिऱ्हाईक होतो. सांगितलेल्या अर्ध्या तासात गाडी दारात यायची, भाजी ताजी, पोऱ्या नम्र. तक्रारीला जागा नव्हती. फक्त प्रत्येक ऑर्डरमागे कंपनीला खड्डा पडत होता. किराण्यात मुळात सुटतं किती? आपल्या कोपऱ्यावरच्या वाण्याला विचारा. त्यात यांनी ओकलंडला अवाढव्य गोदाम बांधलं, आत मैलोगणती सरकते पट्टे. एवढ्या यंत्रणेला रोज हजारो ऑर्डरी हव्यात, आल्या निम्म्याहून कमी. पण पहिलं गोदाम फायद्यात यायच्या आधीच बेक्टेल कंपनीशी देशभर तशीच गोदामं बांधायचा एक अब्ज डॉलरचा करार करून मोकळे! नोव्हेंबर १९९९ मध्ये बाजारातून ३७.५ कोटी डॉलर उभारले, जुलै २००१ मध्ये दिवाळं. दोनेक हजार लोक घरी. शेअरचा शेवटचा भाव सहा सेंट. अँडरसन कन्सल्टिंगचं प्रमुखपद सोडून आलेल्या जॉर्ज शाहीन साहेबांच्या करारात मात्र तहहयात वर्षाला पावणेचार लाख डॉलरची तरतूद होती. दिवाळ्यात तेही येणेकऱ्यांच्या रांगेत उभे राहिले, ही त्यातल्या त्यात गंमत.

बाकीचं प्रतिसादांत लिहितो. तेव्हा इकडे भारतात काय चाललं होतं ते मला नीट ठाऊक नाही. ज्यांनी पाहिलंय त्यांनी सांगा.

खिचडी_विथ_तूप

पॉपकॉर्न घेऊन बसले आहे. तो मोज्याचा कुत्रा येऊ दे लवकर.

ताळेबंद

मोज्याच्या कुत्र्यासाठी खास लॉगिन केलं. सीएच्या क्लासला मी हे उदाहरण फळ्यावर मांडते.

पेट्स डॉट कॉम, सॅन फ्रान्सिस्को. पाळीव प्राण्यांचं खाणं आणि सामान इंटरनेटवर विकणारी. फेब्रुवारी ते सप्टेंबर १९९९ या काळात विक्री ६ लाख १९ हजार डॉलरची आणि जाहिरातीचा खर्च १ कोटी १८ लाखांचा. म्हणजे रुपयाचा माल विकायला एकोणीस रुपयांचा ताशा. बरं, तो रुपयाचा मालही खरेदीपेक्षा कमी भावाने जात होता. कुत्र्याचं खाणं म्हणजे पोतं. वजनदार, स्वस्त, पोचवायला महाग. जितकं जास्त विकाल तितकं जास्त बुडाल. जानेवारी २००० मध्ये अमेरिकन फुटबॉलच्या अंतिम सामन्यात त्यांनी दहा लाखांहून जास्त डॉलर मोजून त्या मोज्यापासून केलेल्या कुत्र्याच्या बाहुल्याची जाहिरात केली. त्या एका सामन्यात डझनभर तरी डॉटकॉमवाल्यांच्या जाहिराती होत्या. फेब्रुवारीत ११ डॉलरने शेअर विकला, नोव्हेंबरात दुकान बंद. मोजून २६८ दिवस.

बाहुला मात्र जगला. गाड्यांसाठी कर्ज देणाऱ्या एका कंपनीने त्याला विकत घेतलं. त्यांचं गिऱ्हाईक कोण, तर ज्यांची पत गेलेली आहे असे लोक. घोषवाक्य काय असेल? प्रत्येकाला दुसरी संधी मिळाली पाहिजे!

विद्यार्थी हसतात. मग मी विचारते, ११ डॉलरने शेअर घेणाऱ्याला हे आकडे माहीत नव्हते का? माहीत होते. माहितीपत्रकात तोटा स्वच्छ छापलेला होता. कुणी लपवलं नव्हतं.

झेप२०२२

छप्पन_के काका, राग मानू नका, पण हे सगळे धागे एकाच वळणाने जातात. "आमच्या वेळीही असंच झालं होतं, पोरांनो सावध." मी अशाच एका कंपनीत आहे (नाव नाही घेणार). वेबव्हॅनच्या काळात लोकांकडे स्मार्टफोन नव्हता, नकाशा नव्हता, यूपीआय नव्हतं. आज गोदाम म्हणजे गल्लीतला तीन-चार हजार चौरस फुटांचा गाळा, ओकलंडचा कारखाना नव्हे. तुलनाच चुकीची आहे.

छप्पन_के

राग कसला. "काका" तेवढं लागलं.

गाळ्याचा मुद्दा मान्य. पण मग तुझी तुलना वेबव्हॅनशी नको, कोझ्मोशी कर. न्यूयॉर्क, १९९८. तासाभरात घरपोच, वेगळं शुल्क नाही, सुरुवातीला किमान ऑर्डरचीही अट नाही. एक आइस्क्रीमचा डबा मागवा, सायकलवाला येतो. गोदामं शहरात, लहान, तुझ्या गाळ्यासारखीच. गुंतवणूकदारांत ॲमेझॉन, सहा कोटी डॉलर घेऊन. मॅनहॅटनमध्ये उभी घरं, दाट वस्ती, तिथे गणित जुळायच्या बेतात होतं म्हणतात. मग गाडीशिवाय पान न हलणाऱ्या शहरांतही गेले. एप्रिल २००१ मध्ये बंद.

स्मार्टफोनने वेळ वाचतो, खरंय. डबा पोचवणाऱ्या पोराचा तास वाचतो का, ते तू आतून बघतोयस, तूच सांग.

झेप२०२२

आमच्या भागात एका फेरीत दोन ऑर्डरी बसल्या तर जमतं. पावसात नाही जमत.

ठाणे_वाया_कळवा

भारताचं मी सांगतो, शेअरबाजाराच्या बाजूने. तेव्हा फोर्टात सबब्रोकरकडे होतो.

आपल्याकडे खऱ्या डॉटकॉम कंपन्या मुंबई शेअरबाजारात जवळपास नव्हत्याच, त्यामुळे लोकांनी संगणकाचा वास येईल ते सगळं घेतलं. काल सूत विकणारी कंपनी आज नावात 'इन्फोटेक' लावून यायची आणि भाव वर. फेब्रुवारी २००० मध्ये सेन्सेक्सने पहिल्यांदा ६००० ला हात लावला. त्या तेजीचा राजा शेअरदलाल केतन पारेख. त्याचे दहा लाडके शेअर, के-टेन म्हणायचे: हिमाचल फ्युचरिस्टिक, ग्लोबल टेलिसिस्टिम्स, पेंटामीडिया, डीएसक्यू, सिल्व्हरलाइन वगैरे. सकाळी लोकलमध्ये माणसं पेपरातलं हेडिंग नाही, भावाचं पान आधी उघडायची. ज्यांना मोडेम म्हणजे काय विचारलं तर सांगता आलं नसतं, ते 'एचएफसीएल किती झाला' विचारायचे.

मार्च २००१ मध्ये केतन पारेखला अटक झाली, पुरेसे पैसे जमा नसताना त्याला पे-ऑर्डर काढून दिल्याच्या भानगडीत अहमदाबादची माधवपुरा मर्कंटाइल सहकारी बँक बसली. सप्टेंबर २००१ मध्ये सेन्सेक्स २६०० च्या घरात.

आणि २ जुलै २००१. युनिट ट्रस्टने (यूटीआय) यूएस-६४ या आपल्या म्युच्युअल फंड योजनेची खरेदी-विक्री थांबवली. हे तरुण मंडळींना कळणार नाही. यूएस-६४ म्हणजे सट्टा नव्हता हो. निवृत्त मास्तर, बँकेतले कारकून, मुलीच्या लग्नाला ठेवलेले पैसे. शेअरबाजाराचं नाव काढलं की कानाला हात लावणारी माणसं. आणि आत डोकावलं तर तिथेही के-टेनचेच शेअर. लखनौच्या सायबरस्पेस इन्फोसिस नावाच्या कंपनीत (बंगळुरूच्या इन्फोसिसशी काडीचा संबंध नाही, नावाचीच काय ती जादू) ट्रस्टने घातलेल्या पैशांवरून तर माजी अध्यक्षांना अटक झाली. डॉटकॉमचा फुगा कॅलिफोर्नियात फुटला म्हणतात. डोंबिवलीत कधीही इंटरनेट न वापरलेल्या लोकांच्या हातात फुटला तो.

खिचडी_विथ_तूप

शेवटच्या वाक्याला +१००. आमच्या वाड्यात तीन घरं तरी होती अशी.

शुद्धलेखन

मी आतली. १९९९ च्या अखेरीला वर्तमानपत्रातली नोकरी सोडून अंधेरीतल्या एका पोर्टलच्या मराठी विभागात गेले. पगार जवळजवळ दुप्पट. संपादक म्हणाले होते, "जाशील, पण वर्षात परत येशील." दहा महिन्यांत आले, तर जागा भरलेली होती.

तेव्हाची मुंबई आठवते. माहीमपासून पेडर रोडपर्यंत होर्डिंगवर साबण-साड्या कमी आणि डॉट कॉम जास्त. त्या आधी नोव्हेंबर १९९९ मध्ये राजेश जैन यांचं इंडियावर्ल्ड सत्यम इन्फोवेने ४९९ कोटींना घेतलं. आधी २४.५ टक्के हिस्सा १२२ कोटींना आणि उरलेला पुढे ३७७ कोटींना, असा व्यवहार. खबर, खेल, खोज, बावर्ची अशी सुटसुटीत नावांची संकेतस्थळं, १९९५ पासून चालवलेली, मुंबईतून. त्यांनी मेहनतीने उभं केलं होतं यात वाद नाही. पण त्या ४९९ च्या आकड्याने शहराला वेड लावलं. आमच्या मालकांच्या केबिनमध्ये त्या बातमीचं कात्रण चौकटीत होतं. गणपतीच्या फोटोशेजारी.

आता मराठीचा भाग, कारण तो कुठेच लिहिलेला सापडत नाही. आम्ही रोज चाळीसेक पानं मराठी मजकूर चढवायचो. वाचायला कोण? देशात इंटरनेटच मूठभर लोकांकडे, त्यातले मराठी वाचणारे किती, आणि त्यातल्यांनी आधी आमचा फाँट उतरवून घ्यायचा! तेव्हा युनिकोड (सगळ्या लिपींसाठी संगणकाची एकच सामाईक पद्धत) घरोघरी पोचलं नव्हतं, देवनागरी युनिकोडची सोय असलेलं पहिलं विंडोज म्हणजे विंडोज २०००. प्रत्येक संकेतस्थळाचा फाँट वेगळा. फाँट नसला की पडद्यावर इंग्रजी अक्षरं आणि चिन्हांचा चिवडा. सायबर कॅफेवाला तर फाँट टाकूच द्यायचा नाही, त्याला व्हायरसची भीती. तासाचे पैसे मोजून माणूस चिवडा बघायचा आणि उठून जायचा. न्यू जर्सी आणि लंडनच्या मराठी मंडळींची पत्रं मात्र यायची, अगदी हळवी.

जाहिरातदाराला आम्ही 'हिट्स' सांगायचो. एक पान उघडलं की त्यावरचं प्रत्येक चित्रही वेगळी हिट. पानावर वीस चित्रं असली की एक वाचक म्हणजे एकवीस हिट्स. हे सगळ्यांना ठाऊक होतं. जाहिरातदारालासुद्धा, कारण तोही दुसरा डॉटकॉमच असायचा आणि आपल्या गुंतवणूकदाराला तेच सांगायचा.

कंपनी बंद झाली तेव्हा खुर्च्या, संगणक, कॉफीचं यंत्र, सगळ्याला गिऱ्हाईक मिळालं. मजकुराला नाही. तो ज्या फाँटमध्ये होता तो फाँटही त्यांच्यासोबत गेला. माझ्याकडे एका फ्लॉपीवर काही लेख होते, उघडले तर तोच चिवडा.

ताळेबंद

शुद्धलेखन ताई, तुमचा जाहिरातीचा परिच्छेद म्हणजे सगळ्या प्रकरणाचं जमाखर्च आहे. अमेरिकेतही तेच. याहूसारख्या मोठ्यांच्या जाहिरातीच्या उत्पन्नात नवख्या डॉटकॉमचा मोठा वाटा होता. त्या नवख्यांकडे पैसा कुठून, तर भांडवलदारांकडून. काही ठिकाणी तर रोख व्यवहारच नाही: तू माझी जाहिरात लाव, मी तुझी लावतो, दोघांनीही ते उत्पन्न म्हणून दाखवायचं. भांडवलाचा नळ बंद झाला की एका फटक्यात विक्री, जाहिरात, भाडं, सगळं आटतं. म्हणून नॅस्डॅकचं (तंत्रज्ञान कंपन्यांचा भरणा असलेला अमेरिकी शेअर निर्देशांक) पडणं असं भयानक होतं. १० मार्च २००० ला ५०४८, ९ ऑक्टोबर २००२ ला १११४. तीच उंची पुन्हा गाठायला २०१५ उजाडलं.

नळ का बंद झाला याला एकच कारण नाही. अमेरिकेची मध्यवर्ती बँक, फेडरल रिझर्व्ह, जून १९९९ पासून व्याजदर वाढवत होतीच. २० मार्च २००० च्या बॅरन्स साप्ताहिकात एक साधं काम केलेलं होतं: २०७ इंटरनेट कंपन्यांची रोकड भागिले महिन्याचा खर्च. ५१ कंपन्यांचे पैसे वर्षभरात संपणार होते. हे भागाकार कुणालाही करता आले असते.

छप्पन_के

तो अंक आमच्या ऑफिसात फिरला होता. आमची कंपनी बाजारात उतरलेली नव्हती म्हणून यादीत नव्हती, याचा आम्हाला आनंद झाला. अक्कल बघा!

आता ऑप्शन्सचं. हे भाच्यासाठी लिहितोय, नीट वाच रे.

माझा रूममेट दुसऱ्या एका कंपनीत होता, ती बाजारात उतरलेली होती. त्याच्याकडे दीड डॉलर भावाचे ४००० ऑप्शन्स. २००० च्या फेब्रुवारीत शेअर ६० ला. त्याने सहा हजार डॉलर भरून शेअर घेतले आणि विकले नाहीत. का? वर्षभर ठेवले तर कर कमी लागतो म्हणून. मूर्खपणा नव्हता, जाणत्या लोकांनी दिलेला सल्ला होता. पण अमेरिकेत एक पर्यायी किमान कर आहे, एएमटी. त्याच्या हिशेबात शेअर घेतले त्या दिवशीचा कागदी नफा, म्हणजे ५८.५० गुणिले ४०००, दोन लाख चौतीस हजार, हे उत्पन्न धरलं गेलं. १६ एप्रिल २००१ ला कर भरायचा तो साठेक हजार डॉलर. त्या दिवशी शेअरचा भाव तीन. सगळे विकले तरी बारा हजार. त्याच महिन्यात त्याची नोकरीही गेली.

असे हजारो होते सिलिकॉन व्हॅलीत. घरं विकली लोकांनी. काँग्रेसने त्या जुन्या थकबाकीतून सुटका केली ती २००८ मध्ये, मोठ्या बँकांना वाचवणाऱ्या कायद्याच्या शेपटात. ज्यांनी आधीच इमानदारीत भरून टाकलं होतं त्यांनी कपाळावर हात मारला.

आणि एच-वन-बी या अमेरिकेतल्या नोकरीच्या व्हिसावाल्यांना आज नोकरी गेली की साठ दिवस मिळतात. तो नियम २०१७ चा. तेव्हा शुक्रवारी लेऑफ म्हणजे सोमवारपासून तुम्ही तिथे कुठल्या हक्काने आहात याचं उत्तर नाही. रूममेट मे महिन्यात परत आला. त्याची कॉरोला मी विकली, पैसे पाठवले, ते करात गेले.

लँडिंग_स्टेशन

बराच वेळ वाचतोय. सगळे दुकानांबद्दल बोलतायत, रस्त्यांबद्दल कुणी बोलेना. मी समुद्राखालच्या केबलच्या धंद्यात होतो, मुंबईत.

इंटरनेटची वाहतूक दर शंभर दिवसांनी दुप्पट होते, असं वाक्य तेव्हा सगळीकडे फिरायचं. वर्ल्डकॉम या टेलिफोन कंपनीच्या यूयूनेटकडून आलेलं. प्रत्यक्षात दुप्पट व्हायला साधारण वर्ष लागत होतं. पण त्या वाक्यावर विसंबून लोकांनी कर्ज काढून जग केबलने गुंडाळलं. केबल टाकणारी ग्लोबल क्रॉसिंग जानेवारी २००२ मध्ये दिवाळखोर, फ्लॅग टेलिकॉम एप्रिलमध्ये, वर्ल्डकॉम जुलैमध्ये. पेट्स डॉट कॉम यांच्यापुढे किस झाड की पत्ती.

पण कुत्र्याच्या खाण्याचं पोतं संपतं, केबल समुद्रात राहते. फ्लॅग रिलायन्सने २०.७ कोटी डॉलरला घेतली. टायकोचं जगभराचं जाळं, ज्यावर दोन अब्ज डॉलरच्या वर खर्च झाला होता, ते टाटांच्या व्हीएसएनएलने १३ कोटी डॉलरला उचललं. करार २००४ चा. भंगाराचा भाव! त्यानंतर आंतरराष्ट्रीय बँडविड्थ कुठल्या कुठे उतरली. पुण्या-मुंबईत रात्रपाळीच्या गाड्या धावायला लागल्या, कॉल सेंटर, बीपीओ, त्यात त्या केबलचा हात मोठा. कॅलिफोर्नियातल्या गुंतवणूकदारांचे पैसे बुडाले आणि हिंजवडीत ट्रॅफिक जाम झाला, असं मी गमतीने म्हणतो.

झेप२०२२

हे माहीत नव्हतं. मग वेबव्हॅनचंही काही उरलं असेल ना?

छप्पन_के

उरलं की. तिथे काम केलेला मिक माउंट्झ नावाचा माणूस. गोदामात माणसाने मालापाशी चालत जाण्यात सगळा पैसा जातो, हे त्याने वेबव्हॅनमध्ये पाहिलं. पुढे कपाटंच उचलून माणसापाशी आणणारे यंत्रमानव बनवणारी किव्हा सिस्टिम्स काढली. ॲमेझॉनने २०१२ मध्ये ती ७७.५ कोटी डॉलरला घेतली. आणि ॲमेझॉन तगली ती वेगळा धंदा होता म्हणून नव्हे. तिचाही शेअर शंभराच्या वरून २००१ मध्ये सहावर आला होता. पण पडझडीच्या जरा आधी, फेब्रुवारी २००० मध्ये, युरोपात रोखे विकून तिने मोठी रक्कम गाठीला बांधली होती. दोन महिने उशीर झाला असता तर ताळेबंद ताईंच्या फळ्यावर तीही असती कदाचित.

शुद्धलेखन

अवांतर: ज्यांनी पैसेच उभे केले नाहीत तीही तगली. मायबोली हे मराठी संकेतस्थळ १९९६ च्या गणेशोत्सवातलं, अजून आहे.

ताळेबंद

भाच्याच्या प्रश्नाकडे येऊ या, नाहीतर या धाग्याचं काश्मीर होईल. भारतात ऑप्शन वापरून शेअर घेतला त्या दिवशी बाजारमूल्य आणि दिलेली किंमत यांतला फरक पगार धरला जातो, आणि कर लागतो. शेअर विकला नसला तरी. कंपनी बाजारात नसेल तर विकणार कुणाला? २०२० पासून काही पात्र स्टार्टअप्सच्या कर्मचाऱ्यांना हा कर पुढे ढकलता येतो, पण नोकरी सोडली की तो लगेच देय होतो. आणि पात्रतेचं प्रमाणपत्र सगळ्यांकडे नसतं. म्हणून एचआरला तीन गोष्टी लेखी विचारायला सांगा: कंपनी त्या सवलतीला पात्र आहे का, नोकरी सोडल्यावर ऑप्शन वापरायला किती दिवस मिळतात (बऱ्याच ठिकाणी नव्वदच), आणि एकूण शेअर किती आहेत. तिसरा आकडा नसेल तर कंपनीत आपला वाटा किती ते कळत नाही, मग तुमच्या ताईंनी मोजलेल्या शून्यांना काही अर्थ नाही.

छप्पन_के

तिन्ही प्रश्न त्याला जसेच्या तसे पाठवले. उत्तर आलं: "मामा, एकूण शेअर किती हे विचारलं तर एचआर म्हणाली ते गोपनीय आहे. आत्ताच्या कंपनीने पगार वाढवायची तयारी दाखवलीये. तुझ्या त्या रूममेटचा नंबर देतोस का?"

दिलाय. तो सध्या नाशिकला द्राक्षबागेत असतो, संध्याकाळी सातनंतर फोन उचलतो.